गवती चहा, मटण आणि तांदळाचा कागद

आमच्या मागच्या दारी गवती चहाचं बेट आहे. पावसाळ्यात ते असं माजतं की गल्लीत जुड्या वाटत फिरावं लागतं, आणि एवढं सगळं असून त्याचा उपयोग काय तर चहात दोन पाती, फार तर सर्दी झाली की काढ्यात. व्हिएतनामी लोक पाती सोडून देतात आणि बुडखा घेतात. खालचा पांढरा, जाडसर, कडक भाग, जो आपण उपटल्यावर मातीसकट फेकून देतो, तो बारीक चिरून लसणाबरोबर मांसाला चोळायचा, निखाऱ्यावर भाजायचं, आणि मग ते भाजलेलं मांस, तांदळाच्या शेवया, काकडी, पुदिना असं सगळं तांदळाच्या पातळ कागदात गुंडाळून आंबटगोड पाण्यात बुडवून खायचं. झाला फ्रेश स्प्रिंग रोल. चायनीजच्या गाड्यावरचा तळलेला, आत कोबी आणि वरून शेजवान चटणी, तो नव्हे हा. याला कढईच लागत नाही.

रविवारी घरी केला आणि स्टेटसला फोटो टाकला तर ढीगभर मेसेज आले, कागद कुठला, आत काय, सांगलीत मिळतं का हे सगळं. एकेकीला उत्तर देत बसण्यापेक्षा इथेच लिहिते सविस्तर.

आधी मांसाचं बोलू. मूळ पदार्थात बीफ असतं. आपल्या महाराष्ट्रात गायीची कत्तल आधीपासूनच बंद होती, 2015 च्या कायद्यापासून बैल, वळू यांचीही बंद आहे, म्हशीला ती बंदी नाही, पण आमच्या घरी तेही शिजत नाही, त्यामुळे आमच्याकडे मटण. आणि मजा बघा, व्हिएतनाममधेसुद्धा बीफ फार जुन्या काळापासून रोजच्या ताटात होतं असं नाहीये. भातशेतीचा देश, बैल आणि रेडे औताला जुंपायचे, ते कोण कापून खाईल, खाणं होतं ते डुक्कर, मासे, कोंबडी. बीफ तिथे रुळलं ते फ्रेंच लोकांचं राज्य आल्यावर. हे मी आमच्या अण्णांना (सासरे) सांगितलं तर म्हणाले, "बेंदराला बैल पुजनारी माणसं तिकडं बी हायत म्हण की." बेंदूर तिकडे नसतो अण्णा, पण हिशोब तोच.

तर मटण. खाटकाला सांगायचं, मागच्या फऱ्याचं दे, हाड वेगळं काढ, चरबी जरा राहू दे. तो हमखास विचारतो "खिमा करू का वहिनी?", नाही म्हणायचं, अख्खा गोळा द्या म्हणायचं, मग तो आपल्याकडे असा बघतो की हिला रस्सा येत नाही वाटतं. बघू दे. हाडं मात्र सोडायची नाहीत, पिशवीत घालून आणायची, ती पुढे कामाला येतात.

घरी आणल्यावर धुऊन, पुसून कोरडं करून तो गोळा फ्रीजरमधे पाऊण तास ठेवायचा. पूर्ण दगड होऊ द्यायचा नाही, नुसता घट्ट झाला पाहिजे, कारण मऊ मटणाचे पातळ काप घरच्या सुरीने होतच नाहीत, ते इकडेतिकडे सरकतं. घट्ट झालं की धाग्याला आडवे काप करायचे, जेवढे पातळ जमतील तेवढे. हे आडवं कापणं फार महत्त्वाचं आहे, मटणाचे धागे लांब असतात, धाग्याच्या दिशेने कापलं तर रोलचा घास तोडताना अख्खा तुकडाच बाहेर ओढला जातो आणि हातात राहते रिकामी सुरळी. बीफचे काप पातळ केले की लगेच शिजतात आणि मऊ राहतात, मटणाला थोडी मदत लागते, म्हणून अर्धा किलोला एक छोटा चमचा कच्च्या पपईचा कीस. एकच. आणि तासाभरात भाजायला घ्यायचं, जास्त वेळ ठेवलं तर पपई मांसाचा पार लगदा करते, कारण त्यातलं पपेन प्रोटीन तोडत राहतं, ते आपल्यासाठी थांबत नाही.

बाकी मसाला असा. गवती चहाचे तीनचार बुडखे, आमच्या बेटाचे बारीक असतात म्हणून मी सहासात घेते, वरची कडक सालं काढून आतला कोवळा भाग अगदी बारीक चिरायचा आणि मग खलबत्त्यात ठेचायचा. हे नीट करा, जाड तुकडे राहिले तर दातात काड्या आल्यासारखं होतं. सहासात लसूण पाकळ्या, एक छोटा कांदा ठेचून, दोन मोठे चमचे फिश सॉस, एक मोठा चमचा साखर, भरपूर मिरपूड, एक चमचा तेल. बास. गरम मसाला नाही, कांदालसूण चटणी नाही. माहितीये, आपला हात आपोआप चटणीच्या बरणीकडे जातो, नवरा तर बरणी घेऊनच उभा होता, पण त्या चटणीपुढे गवती चहाचा वास टिकत नाही, मग एवढं ठेचलं कशाला?

फिश सॉसबद्दल सगळ्यात जास्त प्रश्न आले. मांदेलीच्या जातकुळीतले बारीक मासे आणि मीठ मोठ्या पिंपात भरतात, साधारण तीन भाग मासे एक भाग मीठ, आणि वर्षभर मुरू देतात, त्यातून जे पाणी सुटतं तोच सॉस. व्हिएतनाममधे फू कुओक नावाच्या बेटावरचा प्रसिद्ध आहे. बाटली उघडली की वास येतो, खोटं कशाला बोलू, येतोच. आई (सासूबाई) आतल्या खोलीतून म्हणाल्या, "सुकट कोण भाजतंय?" पण एकदा लिंबू साखर पडली की तो वास कुठल्या कुठे जातो आणि मागे राहते ती एक खोल खारट चव जी नुसत्या मिठाने येत नाही. विश्रामबागेकडच्या मोठ्या दुकानांत कधी असतो कधी नसतो, नाहीतर ऑनलाइन. तांदळाचा कागद आणि राइस नूडल्सचं पण तसंच. बाकी सगळं मंडईत.

भाजायचं कशावर? खरी पद्धत कोळशाची, जाळीत दाबून. गच्चीवर शेगडी पेटवायची हौस असेल तर उत्तमच, मटणाची चरबी निखाऱ्यावर पडून जो धूर होतो त्याची चव वेगळी. पण मी बिडाच्या तव्यावर करते. तवा कडकडीत तापला पाहिजे, काप सुटे सुटे टाकायचे, एकदम सगळे ओतले की मटणाला पाणी सुटतं आणि मग ते भाजलं जात नाही, उकडतं. एका वेळी सातआठ काप, प्रत्येक बाजूला मिनीटभर किंवा थोडं जास्त, कडा काळपट झाल्या की उतरवा. साखर असल्यामुळे रंग लवकर येतो आणि करपतंही लवकर, त्यामुळे त्या दहा मिनिटांत फोन घ्यायचा नाही.

आता कागद. बान्ह चांग म्हणतात तिकडे. तांदळाचं पीठ, थोडा टॅपिओकाचा (साबुदाणा ज्या कंदाचा करतात त्याचा) स्टार्च, मीठ, पाणी. उकळत्या पाण्याच्या भांड्यावर कापड ताणून बांधतात, त्यावर पातळ पीठ पसरवून झाकण ठेवून वाफवतात, मग ते पापुद्र्यासारखं सोलून बांबूच्या जाळीवर उन्हात वाळवतात, त्या जाळीची नक्षी कागदावर उमटलेली दिसते नीट बघितलं तर. आईंनी कागद हातात घेतला, उजेडासमोर धरला आणि म्हणाल्या, "ही तर सालपापडी." आणि खरंच की ओ, आपण उन्हाळ्यात ताटल्यांवर तांदळाचं पीठ पसरून वाफवतो, सोलतो, वाळवतो, त्यात आणि यात फरक एवढाच की आपण त्यात जिरं, पापडखार घालून तळून खातो आणि हे पाण्यात भिजवून खातात. मग त्यांचा प्रश्न आला की सालपापडीच भिजवून का नको. नको, टॅपिओकामुळे या कागदाला जो चिवटपणा येतो तो आपल्या पापडीत नसतो, ती भिजली की तुटणार.

कागद भिजवणं ही एकच गोष्ट आहे या सगळ्यात जी सांगून कमी आणि करून जास्त कळते, तरी सांगते. पसरट ताटात कोमट पाणी, गरम नाही. कागद आत बुडवायचा, दोनतीन सेकंद, गोल फिरवून सगळीकडे पाणी लागलं की बाहेर. तो अजून कडकच लागेल हाताला आणि वाटेल की अजून थोडा ठेवावा. नाही ठेवायचा! ओल्या पाटावर टाकल्यावर तो स्वतःच मऊ होत जातो, आपण आतलं सारण मांडेपर्यंत बरोबर होतो. ताटातच मऊ होईपर्यंत थांबलं की बाहेर काढताना त्याची वळकटी होते आणि मग ती कुणाला उलगडता येत नाही. कोरड्या ताटावर पण ठेवू नका, चिकटतो.

नूडल्स म्हणजे बुन, तांदळाच्या. पाकिटावर राइस व्हर्मिसेली लिहिलेलं असतं, खिरीच्या भाजलेल्या शेवया आणू नका. उकळत्या पाण्यात तीनचार मिनिटं, मग लगेच गार पाण्याखाली खळखळून धुवायच्या म्हणजे वरचा स्टार्च निघतो आणि गोळा होत नाही. पाकीट नाही मिळालं तर माझ्या माहेरची एक मावशी मालवणची, ती शिरवाळे करते तसे तांदळाच्या उकडीचे सोऱ्यातून पाडून घेतले तरी चालतं, जरा जाड होतात पण चव चांगली.

पाला भरपूर हवा, हे मी दहा वेळा सांगेन. रोल मटणाचा असला तरी आत निम्म्याच्या वर पालाच असतो. लेट्यूस, कोथिंबीर, पुदिना आणि थाई बेसिल. बेसिल सांगलीत कुठे शोधायचं म्हणाल तर सब्जाचं झाड बघा कुणाच्या दारात आहे का, फालुद्यात जे बी घालतो ना त्याच झाडाची पानं, बेसिल त्याच कुळातलं. वास थोडा उग्र असतो, बेताने घालायचा. देवापुढची तुळस घालू नका, एक म्हणजे आई घरात घेणार नाहीत आणि दुसरं म्हणजे ती चव वेगळी, लवंगेकडे झुकणारी. काकडीच्या लांब काड्या. गाजर आणि मुळ्याच्या काड्या करून मीठ चोळून पिळून अर्धी वाटी व्हिनेगर, अर्धी वाटी कोमट पाणी, दोन चमचे साखर यात तासभर. मुळ्याला नाक मुरडणारी आमची लेक हा मुळा नुसता वाटीतून खात होती.

बुडवायचं पाणी, नुओक चाम. तीन चमचे साखर अर्ध्या वाटी कोमट पाण्यात विरघळवा, त्यात तीन चमचे लिंबाचा रस, तीन चमचे फिश सॉस. चव बघा, आंबट गोड खारट तिन्ही लागलं पाहिजे, एकही पुढे नको. मग बारीक चिरलेला लसूण आणि मिरची, ती शेवटी. मी लवंगी घालते, सांगलीत राहून मिळमिळीत मिरची घालायचं काही कारण नाही.

आणि आता मला जे खरं सांगायचंय ते. नेटवर सगळीकडे फोटो असतात ना, दहाबारा रोल एकसारखे गुंडाळून ताटात रचलेले, ते घरी करू नका. कागद वाऱ्याने सुकतो आणि कडक होतो, एकमेकांना टेकवून ठेवले तर चिकटतात आणि सोडवताना फाटतात, फ्रीजमधे ठेवले तर आतल्या नूडल्स चामट होतात आणि भाजलेलं मटण गार. पाहुणे यायच्या आधी तासभर गुंडाळत बसलेली बाई शेवटी गार रोल वाढते आणि स्वतः सगळ्यात शेवटी जेवते. व्हिएतनाममधे घरगुती जेवणात बहुतेक वेळा असं करतच नाहीत, मधोमध भाजलेलं मांस, पाल्याचं मोठं ताट, नूडल्स, कागद, पाण्याचं भांडं ठेवतात आणि प्रत्येकजण आपापला गुंडाळतो. हेच करा. आम्ही हॉलमधे सतरंजी घातली, मधे सगळं मांडलं आणि गोल बसलो. मीसुद्धा! रविवारी मटणाच्या दिवशी मी पहिल्या पंगतीला बसलेली बघून अण्णा दोनदा म्हणाले, "भाकरी कोण वाढनार मग?" भाकरी नाहीये अण्णा आज.

गुंडाळायचं असं की कागदावर आपल्या बाजूला आधी लेट्यूसचं पान, त्यावर नूडल्स, काड्या, पाला, दोन काप मटण, थोडा शेंगदाण्याचा भरड कूट. लेट्यूस खाली असेल तर गाजराचं टोक कागदाला भोक पाडत नाही. एक वळसा घट्ट, मग दोन्ही कडा आत, मग शेवटपर्यंत. लोभ करायचा नाही, पहिला रोल सगळ्यांचा फुटतो कारण सगळे त्यात जेवढं मावेल तेवढं कोंबतात. लेकीने सगळ्यांपेक्षा सुबक केले. अण्णांनी एक फाटका केला, दुसरा केलाच नाही, कागद बाजूला ठेवून मटण आणि नूडल्स पाण्यात बुडवून बोटांनी खाल्लं, आणि त्यात काही चूक नाही.

अशा मांडणीचा दुसरा फायदा आमच्यासारख्या घराला फार मोठा आहे. आई मटण खात नाहीत. त्यांच्यासाठी एरवी वेगळी भाजी, वेगळी आमटी, वेगळी भांडी. यावेळी त्यांच्या बाजूला वेगळं ताट, वेगळं पाणी, वेगळा पाट, तव्यावर आधीच खरपूस भाजून ठेवलेलं पनीर आणि सोया सॉस, लिंबू, साखरेचं बिनमाशाचं पाणी. हे काही मी मनाने केलेलं नाही, तिकडे बौद्ध घरांतून चांद्रमासाच्या पहिल्या आणि पंधराव्या दिवशी, म्हणजे आपल्या हिशोबाने अमावस्येच्या आणि पौर्णिमेच्या आसपास, शाकाहार पाळणारे भरपूर आहेत, त्या दिवशी टोफूचे रोल आणि सोया सॉस. हे ऐकल्यावर आईंचा चेहरा जरा सैल झाला. गणपतीच्या गावात राहणाऱ्या बाईला वार पाळणारी माणसं कुठलीही असली तरी आपलीच वाटतात. चार रोल खाल्ले त्यांनी, आणि ते सुद्धा आमच्या बरोबरीने एकाच वेळी जेवून.

वरच्या मजल्यावरच्या काकी जैन, त्या आमच्याकडे जेवणार नाहीत हे उघड आहे, पण कागदाचं अर्धं पाकीट त्यांना दिलं. गाजर, मुळा, लसूण त्यांना चालत नाही, त्यांनी काकडी, कोबी, कैरीच्या काड्या आणि ओलं खोबरं घालून केले आणि बुडवायला शेंगदाण्याचा कूट, गूळ आणि सोया सॉसची दाटसर चटणी. मला एक पाठवला. कैरीची आयडिया मी ढापणार आहे.

रश्श्याचं काय असं विचारणाऱ्यांसाठी, ती हाडं. हळद मीठ आलं लसूण घालून कुकरला लावली आणि अळणी पाणी प्रत्येकाला वाटीवाटी दिलं (आई सोडून). अण्णांचा रविवार तिथे वसूल झाला.

हळदीवरून आठवलं, पुढच्या वेळी मासे करायचे आहेत. हनोईत "चा का" म्हणून प्रकार असतो, माशाचे तुकडे हळदीत मुरवून तव्यावर परतायचे आणि वरून मूठमूठ शेपू. हो, शेपू, तीच जी बघून निम्मं घर पळून जातं. बुनबरोबरच खातात तो. राजापुरी हळदीच्या गावात बसून अजून कुणी हे केलं कसं नाही कोण जाणे, आणि चिलापी तर आपल्याकडे मिळतेच, काटे कमी, तुकडे नीट पडतात. कृष्णेला पाणी कमी असलं की ताजी मिळते, तेव्हा बघू.

मटण आणि नूडल्स उरल्या तर दुसऱ्या दिवशी कागदाच्या नादी लागू नका. डब्यात खाली पाला, वर नूडल्स, वर तव्यावर पुन्हा जरा गरम केलेलं मटण, गाजरमुळा, शेंगदाणे, आणि नुओक चाम वेगळ्या छोट्या डबीत, खायच्या वेळी ओतायचं. तिकडे हा सुद्धा स्वतंत्र पदार्थच आहे, भाजलेल्या मांसाचा बुन. नवऱ्याने ऑफिसात नेला. संध्याकाळी डबा रिकामा, डबी पण रिकामी, आणि वर निरोप, दोघांनी रेसिपी मागितलीये. ही लिंक पाठव म्हटलं.